दशावतार, डबल बास आणि 'आपलं' संगीत

मेटल संगीताबद्दल मराठीत लिहायचं म्हणजे अर्धा लेख खुलाशांतच जातो. तरीही लिहितोय, कारण गेली काही वर्षं एक वाक्य निरनिराळ्या तोंडून ऐकतोय आणि ते काही केल्या पटत नाही. वाक्य असं : "आता कुठे या पोरांनी काहीतरी आपलं केलं."

ही पोरं म्हणजे मुंबईचा 'डेमॉनिक रेझरेक्शन' हा बँड, आणि 'आपलं' म्हणजे त्यांचा 'दशावतार' हा २०१७ च्या मार्चमध्ये आलेला अल्बम. मत्स्यापासून कल्कीपर्यंत दहा अवतार, दहा गाणी, मधेमधे सतार आणि तबला. आमच्या भाच्याने तो नगरच्या घरात लावला, तेव्हा गिटारचा आवाज आला की दार लावून घेणारी थोर मंडळीसुद्धा दोन मिनिटं थबकली. नृसिंह आहे, परशुराम आहे, म्हणजे मुलं वाया गेलेली नाहीत असा एकंदर निष्कर्ष निघाला :)

इथपर्यंत मलाही गंमत वाटली. पण पाठोपाठ भाच्याला सल्ला मिळाला. तो आणि त्याचे तीन मित्र मिळून वाजवतात, स्वतःची गाणी करायला लागलेत. "तुम्हीपण असंच करा. थोडा तबला टाका, एखादा श्लोक टाका, म्हणजे लोकांना आपलं वाटेल." हा सल्ला प्रेमापोटी दिलेला आहे, देणारे हा ब्लॉग वाचतात, आणि मी त्यांचा आदर राखूनच म्हणतो की सल्ला चुकीचा आहे. का, ते सांगायचं तर आधी हा बँड सतरा वर्षांत कुठून कुठे गेला ते बघावं लागेल.

तर घरच्या वाचकांसाठी खुलासा. मेटलमध्ये गिटारचा आवाज मुद्दाम फाटलेला असतो. त्याला डिस्टॉर्शन म्हणतात. ढोलासारखा मोठा ड्रम दोन पायांनी वाजवतात, तो डबल बास. ताशाच्या तर्रीसारखा हातपाय एकत्र चालवून धरलेला जो अतिवेगवान ठेका असतो, तो ब्लास्ट बीट. आणि पोटातून काढलेला घोगरा, गुरगुरणारा आवाज म्हणजे ग्राउल. हे ऐकून "हा कसला गोंगाट" म्हणणारी माणसं विसर्जन मिरवणुकीत पन्नास ढोलांसमोर तीन तीन तास हौसेने उभी असतात, हे मी नम्रपणे नमूद करतो. मोठा आवाज आपल्याला वर्ज्य नाही. ओळखीचा नसलेला मोठा आवाज वर्ज्य आहे.

आता बँड. २००० साली मुंबईत साहिल मखिजाने तो सुरू केला. गातो तोच, गिटारही वाजवतो. (यूट्यूबवर 'हेडबँगर्स किचन' नावाचं कीटो पाककृतींचं चॅनेल आहे ना, ते चालवणारा दाढीवाला माणूस तोच. म्हणजे आमच्या काही मावश्या त्याला आधीपासूनच ओळखतात, फक्त स्वयंपाकी म्हणून.) त्याच वर्षी 'डेमनस्टीलर' हा पहिला अल्बम आला. तो आज ऐकला तर कच्चा वाटतो. नॉर्वे आणि इंग्लंडमधल्या त्या काळच्या बँड्सची छाया जागोजाग दिसते. यात लाजण्यासारखं काही नाही. गवयाचा शागीर्दसुद्धा पहिली काही वर्षं गुरूची नक्कलच करत असतो. फक्त या मुलांचे गुरू परदेशी होते, आणि तालीम कॅसेट-सीडीवरून चालली होती.

त्या वेळी मुंबईत मेटल वाजवायचं म्हणजे काय होतं, हेही ध्यानात घ्यायला हवं. ऐंशीच्या दशकापासून 'इंडिपेंडन्स रॉक' भरत होता, धोबीतलावचं रंगभवन हे रॉकवाल्यांचं पंढरपूर होतं. पण शांतता क्षेत्राच्या नियमांत रंगभवन बंद झालं. मोठी लेबलं सिनेमाच्या बाहेर फारशी बघत नव्हती. तेव्हा साहिलने स्वतःच 'डेमनस्टीलर रेकॉर्ड्स' हे लेबल काढलं आणि 'रेझरेक्शन' नावाने कार्यक्रम भरवायला सुरुवात केली. गाणं करायचं, छापायचं, विकायचं आणि ऐकणारे गोळा करायचे, हे सगळं एकाच घरचं. पापड-लोणच्याचा गृहोद्योग असतो ना, तसा.

दुसरा अल्बम 'अ डार्कनेस डिसेंड्स' २००५ चा. मधल्या पाच वर्षांत किती फरक पडला ते पहिल्या पाच मिनिटांत कळतं. इथे कीबोर्डचं राज्य आहे. गिटारच्या मागे पडद्यासारखे सुरांचे थर सोडलेले आहेत, गुरगुरण्याच्या जोडीला स्वच्छ, सुरेल गाणं आहे, आणि एकेक गाणं तीन-चार वळणं घेत जातं. 'डिम्मू बोर्गिर'सारख्या नॉर्वेच्या बँड्सचं ऋण अजून उघड आहे, पण आता ते ऋण आहे, नक्कल नाही. २००७ मध्ये 'बियाँड द डार्कनेस' ही छोटी ईपी आली, आणि २०१० मध्ये 'द रिटर्न टु डार्कनेस'. या तिघांची मिळून एक त्रयी होते.

माझ्या मते बँड स्वतःच्या पायावर उभा राहिला तो इथे, २०१० साली. याच अल्बममधलं 'व्हेअर शॅडोज लाय' घ्या किंवा 'द अनरिलेंटिंग सर्ज ऑफ व्हेंजन्स' घ्या. कीबोर्ड आहे, पण आता तो सगळीकडे सांडलेला नाही. गिटारला डेथ मेटलचं वजन आलंय. राकट आवाज आणि स्वच्छ आवाज हे आलटून पालटून येणारे दोन गायक वाटत नाहीत, एकाच माणसाच्या दोन मनःस्थिती वाटतात. 'एम्परर'सारख्या बँडचे अल्बम काढणाऱ्या 'कँडललाइट' या ब्रिटिश लेबलने हा अल्बम बाहेरच्या देशांत काढला. त्याच वर्षी ओस्लोच्या 'इन्फर्नो' महोत्सवात बँड वाजवून आला, आणि 'मेटल हॅमर' या मासिकाचं ग्लोबल मेटल पारितोषिकही मिळालं. म्हणजे जिथून हे संगीत शिकले, तिथल्याच अंगणात जाऊन वाजवून आले. आणि गंमत बघा, या अल्बममध्ये सतार नव्हती, तबला नव्हता, देवादिकांची नावं नव्हती. तरी कुणी "तुम्ही आमच्याच बँड्ससारखे आहात, मग ऐकू कशाला?" असं विचारलं नाही.

चौथा अल्बम 'द डिमन किंग' २०१४ चा. त्रयीचं ओझं उतरलं होतं, त्यामुळे असेल, हा अधिक आवळलेला, अधिक वेगवान आणि अधिक हिंस्र आहे. 'आर्किटेक्ट ऑफ डिस्ट्रक्शन' किंवा 'ईव्हन गॉड्स डू फॉल' ही गाणी ऐकताना जाणवतं की आता माणसं काय वाजवायचं यापेक्षा काय वाजवायचं नाही याचा विचार करू लागली आहेत. संगीतात वय दिसतं ते इथे. तरुण तबलजी सगळे कायदे पहिल्या दहा मिनिटांत संपवतो. मुरलेला तबलजी सम राखून ठेवतो.

आणि मग 'दशावतार'. कीबोर्डची जागा बऱ्याच अंशी भारतीय वाद्यांनी घेतली, विषय पुराणातला आला. मला हा अल्बम आवडतो. त्यातलं नृसिंहाचं गाणं तर विशेष. खांब फोडून निघालेल्या देवाला ब्लास्ट बीटपेक्षा योग्य वाद्य कुठलं असणार? लहानपणी कीर्तनात हिरण्यकश्यपूचा वध ऐकताना बुवा पखवाजवाल्याकडे बघून जी खूण करायचे आणि मग जो कल्लोळ उठायचा, तो काही मंद सुरांतला नव्हता. आमच्या जिल्ह्यात सरला बेटाच्या सप्ताहाला ज्यांनी हजारो टाळकऱ्यांचा नाद ऐकलाय, त्यांना नादाच्या भिंतीखाली उभं राहणं म्हणजे काय ते मी सांगायची गरज नाही.

मग माझं म्हणणं काय? एवढंच की 'दशावतार'मध्ये जे खरोखर चांगलं आहे, ते सतार-तबल्यामुळे आलेलं नाही. ते त्याआधीच्या सतरा वर्षांतून आलंय. दोन आवाज एकमेकांत कसे विणायचे, जागा कुठे सोडायची, दहा मिनिटांचा ऐवज पाच मिनिटांत कसा बसवायचा, हे सगळं आधीच्या चार अल्बममध्ये शिकून झालं होतं. सतार काढून घेतली तर 'दशावतार' थोडा उघडा पडेल, पण उभा राहील. आधीची सतरा वर्षं काढून घेतली तर फक्त सतार उरेल. "आता कुठे आपलं केलं" या वाक्यातला "आता कुठे" मला खटकतो तो याच्यासाठी. त्या दोन शब्दांनी सतरा वर्षांची मेहनत परक्याच्या खात्यावर जमा होते.

आता 'आपलं' या शब्दाकडे वळू. इथे तीन गोष्टी सांगायच्या आहेत.

पहिली सुरांची. मेटलवाल्यांना षड्जाला अगदी खेटून असलेला कोमल रिषभ फार प्रिय. पाश्चात्त्य ज्याला फ्रिजियन मोड म्हणतात त्याचे स्वर आपल्या भैरवी थाटाचेच आहेत. (स्वर तेच म्हणजे राग तोच असं अर्थातच नाही, गाणारे नातेवाईक लगेच कान पकडतील म्हणून सांगून ठेवतो.) 'ब्लॅक सॅबथ'च्या १९७० च्या पहिल्या अल्बमचं पहिलं गाणं आठवा, षड्जावरून एकदम तीव्र मध्यमावर जाऊन जी भीती उभी केली आहे, ती ऐकून आपल्याकडच्या संध्याकाळच्या रागांची आठवण कुणाला झाली तर नवल नाही. त्याच बँडचा गिटारवादक टोनी आयोमी बर्मिंगहॅमच्या पत्र्याच्या कारखान्यात कामाला असताना त्याच्या दोन बोटांची टोकं गेली. त्याने स्वतः प्लॅस्टिकच्या टोप्या करून बोटांना लावल्या, हलक्या तारा वापरल्या, आणि १९७१ च्या अल्बमपासून तारा उतरवून, सैल करून वाजवू लागला. तो खर्जातला, जडशीळ आवाज पुढे सगळ्या मेटलचा पाया झाला. म्हणजे या संगीताचा मूळ नाद कुठल्या देशाच्या परंपरेतून आला म्हणण्यापेक्षा एका कामगाराच्या जखमेतून आला. अशा नादावर कुठल्या गावाचा शिक्का मारायचा? आणि भैरवीचे स्वर घेऊन वाजवणाऱ्या मुंबईच्या पोराने तबला लावेपर्यंत तो परका कसा?

दुसरी गोष्ट आमच्या नगरची (२०२४ पासून सरकारदरबारी अहिल्यानगर, पण बोलताना तोंडात नगरच येतं). नगरहून दौंडच्या रस्त्याला लागलं की अरणगावजवळ मेहेराबाद आहे. मेहेरबाबांची समाधी तिथे आहे. ३१ जानेवारीला अमरतिथीला देशोदेशीची माणसं जमतात, आणि गावातल्या लोकांना त्याचं विशेष काही वाटत नाही इतकी ती सवयीची झाली आहेत. या मेहेरबाबांचा एक भक्त म्हणजे 'द हू' या इंग्लिश बँडचा गिटारवादक पीट टाउनशेंड. मेटलच्या घराण्यात याला आजोबांचा मान द्यायला हरकत नाही. साठच्या दशकात अधिक मोठा आवाज हवा म्हणून जिम मार्शल यांच्या मागे लागून शंभर वॉटचे अँप्लिफायर ज्यांनी करून घेतले त्यांत हा होता. मेटलच्या मंचावर आज मागे जी स्पीकरची भिंत दिसते ती तिथून आली.

या टाउनशेंडने १९७१ साली 'बाबा ओ'रायली' हे गाणं केलं. नावातले बाबा म्हणजे आपले मेहेरबाबा, आणि रायली म्हणजे टेरी रायली हा अमेरिकन संगीतकार, जो स्वतः किराणा घराण्याच्या पंडित प्राणनाथांचा शिष्य झाला. बाबांच्या आयुष्याची माहिती सिंथेसायझरला पुरवून त्यातून काय सूर निघतात ते बघावं, अशी टाउनशेंडची मूळ कल्पना होती. प्रत्यक्षात गाण्याच्या सुरुवातीला जी गरगर फिरणारी सुरावट आहे ती त्याने लोरी कंपनीच्या घरगुती ऑर्गनवर वाजवली. लक्षात घ्या, तो काळ सतारीच्या साथीचा होता. बीटल्सपासून सगळ्यांना सतार हवी होती. ज्याचा गुरू खरोखर नगर जिल्ह्यातला होता, त्याने गुरूच्या नावाचं गाणं करताना सतारीला हात लावला नाही. त्याच्या श्रद्धेबद्दल मला भाष्य करायचं नाही. पण ज्याला आतून काही मिळालंय त्याला ते दाखवण्यासाठी वेशांतर करावं लागत नाही, याचा याहून जवळचा पुरावा माझ्याकडे नाही. समाधीपासून आमचं घर दुचाकीवर वीस-पंचवीस मिनिटं.

तिसरी गोष्ट जरा नाजूक आहे, पण टाळण्यात अर्थ नाही. 'आपलं' म्हटल्यावर कुणाचं? 'दशावतार' अल्बममध्ये नववं गाणं बुद्धाचं आहे. अवतारांच्या सर्वसाधारण यादीत नववा बुद्धच असतो. पण महाराष्ट्रात आणि गोव्यात काही जुन्या पंचांगांत आणि काही देवळांच्या शिल्पांत नवव्या जागी विठ्ठल उभा दिसतो. कोकणातला दशावतार तर त्याहून वेगळा. तो रात्रभर चालणारा खेळ आहे, त्याची स्वतःची गाणी, स्वतःचं हार्मोनियम-पखवाज आहे. आणि १४ ऑक्टोबर १९५६ ला नागपुरात बाबासाहेब आंबेडकरांनी जी दीक्षा दिली, तिच्या बावीस प्रतिज्ञांमध्ये बुद्ध हा विष्णूचा अवतार आहे हे मी मानणार नाही, अशा अर्थाची एक प्रतिज्ञा आहे. भाच्याच्या चौघांच्या बँडमध्ये ड्रम वाजवणारा मुलगा या प्रतिज्ञा भिंतीवर लावलेल्या घरातून येतो. त्याला "आपलं काहीतरी करा, अवतार घ्या" म्हणणाऱ्या आपल्या थोरांना त्या 'आपलं'मधून तो बाहेर पडतोय हे कळलंही नाही. तो काही बोलला नाही. पोरं अशा वेळी बोलत नाहीत.

यात डेमॉनिक रेझरेक्शनचा दोष नाही. त्यांनी एक गोष्ट निवडली, मनापासून सांगितली. दोष आहे तो आपल्या ऐकण्याचा. डिस्टॉर्शनवाली गिटार मात्र त्या चौघांचीही आहे. तिथे कुणी आधी आलेला नाही, कुणाचा मान मोठा नाही. सगळे सारखेच उपरे, म्हणून सगळ्यांचं सारखंच घर. मला वाटतं लहान गावांतल्या मुलांना हे संगीत ओढतं त्याचं एक कारण हेही असावं.

आता समोरची बाजूही मांडतो, नाहीतर एकतर्फी होईल. दिल्लीच्या 'ब्लडीवुड'ने ढोल, बासरी, पंजाबी-हिंदी शब्द आणि मेटल एकत्र केलं, २०२२ च्या 'रक्षक'नंतर जगभर त्यांचे कार्यक्रम झाले. ते ऐकताना कुठे ठिगळ दिसत नाही, कारण त्यांच्या गाण्यात ढोल हा पाया आहे, नंतर आणून ठेवलेली फुलदाणी नाही. तेव्हा सरमिसळ करू नये असं माझं मुळीच म्हणणं नाही. करायची तर पायापासून करावी, इतकंच.

आणि उलटा प्रवास करणारेही आहेत. मुंबईच्या 'रॉक मशीन'चे दोन अल्बम, १९८८ चा 'रॉक अँड रोल रेनेगेड' आणि १९९० चा 'द सेकंड कमिंग', म्हणजे अस्सल हार्ड रॉक. १९९३ मध्ये त्यांनी नाव बदलून 'इंडस क्रीड' केलं. नावातच सिंधू आली, १९९५ च्या अल्बममध्ये भारतीय रंगही आले. १९९७ ला बँड थांबला. उदय बेनेगल, महेश टिणईकर आणि मंडळी २०१० ला परत एकत्र आली आणि २०१२ मध्ये 'इव्हॉल्व्ह' काढला. त्यात भारतीयपणाची जाहिरात दिसत नाही. शांत, पिकलेलं, स्वतःशी बोलणारं रॉक आहे. माझ्या कानाला तो त्यांचा सगळ्यात प्रामाणिक अल्बम वाटतो. पन्नाशीच्या आसपासच्या माणसांनी पन्नाशीच्या आसपासचं संगीत केलं. याहून 'आपलं' ते काय असतं?

खुद्द साहिलचंच बघा. 'दशावतार'नंतर तो त्याच वाटेने पुढे जाऊन रामायण-महाभारत करत बसला असता तर टाळ्या मिळाल्याच असत्या. २०२३ मध्ये 'डेमनस्टीलर' या नावाने त्याने एकट्याचा 'द प्रोपगंडा मशीन' हा अल्बम काढला. बाज आधुनिक, तांत्रिक डेथ मेटलचा, वाजवणारे बरेचसे परदेशी, आणि विषय सत्ता, प्रचार, द्वेष. रोज सकाळी पेपर उघडल्यावर आपल्या पोटात जे होतं, त्याच्यावरचा अल्बम. माझ्या मते 'दशावतार'पेक्षाही तो अधिक इथला आहे. पण तो ऐकून कुणी "आता कुठे आपलं केलं" म्हणालेलं मी ऐकलं नाही. कदाचित जरा जास्तच आपलं झालं असावं.

बँडचा आवाज बदलला की ऐकणारे नेहमी दोनच निकाल देतात. एक, "विकले गेले." 'मेटालिका'ने १९९१ चा काळ्या मुखपृष्ठाचा अल्बम काढल्यापासून हे ऐकतायत बिचारे. दुसरा, "घरी परतले." दोन्ही निकालांत सोय अशी की अल्बम नीट ऐकावा लागत नाही. मुखपृष्ठ बघून निकाल देता येतो. प्रत्यक्षात आवाज बदलतो तो फार बारीकसारीक कारणांनी. एखादा साथीदार सोडून जातो, हातात थोडे पैसे येतात, ध्वनिमुद्रण कळायला लागतं, आधी जे दाखवायची घाई होती ती राहत नाही. २००० पासून २०१७ पर्यंतचे हे पाच अल्बम ओळीने ऐकले तर हे सगळं कानाला दिसतं. मला तरी त्यात परदेशातून घरी परतलेला मुलगा दिसत नाही. एकाच खोलीत बसून सतरा वर्षं रियाज करणारा माणूस दिसतो, आणि ती खोली पहिल्या दिवसापासून मुंबईतच होती.

म्हणून भाच्याला कुणी विचारलंच तर माझा सल्ला वेगळा राहील. तबला टाकायचा तर तबला शिका, निदान दोन वर्षं. नगरात चांगले शिक्षक आहेत. पुराण घ्यायचं तर तुमच्यातल्या चौघांनाही सांगावंसं वाटतं ते घ्या. नाहीतर सावेडीच्या त्या पत्र्याच्या खोलीत, उन्हाळ्यात पंखा नसताना, लोडशेडिंग सांभाळत जे वाजवता त्याच्याबद्दलच गाणं करा. पहिला अल्बम नकलेचा होणार, होऊ द्या. दुसरा बरा होईल. पाचव्याला लोक येऊन सांगतील की आता कुठे आपलं केलंत. तेव्हा हसायचं आणि चहा पाजायचा.

आणि थोरांसाठी एक विनंती. 'दशावतार' आवडला ना? मग आता एकदा 'द रिटर्न टु डार्कनेस' लावा, निदान पहिली तीन गाणी. देव नाहीत त्यात, सतार नाही. हेडफोन लावून, आवाज बेताचा ठेवून ऐका. तरीही गोंगाटच वाटला तर खुशाल तसं लिहा खाली. पण ऐकून लिहा.